बोटावर मोजण्याइतके प्रश्न

मागच्या महिन्यात मी सहज लिहून गेले की नव्या मेडिकल कोडरची परीक्षा घ्यायची असेल तर त्याला हार्ट अटॅकचा चार्ट देऊ नका, कापलेल्या बोटाचा द्या. त्यावर इतकी पत्रं आली की या वेळचं सदर बोटांनाच देऊन टाकलंय. ज्यांना आमचा धंदा ठाऊक नाही त्यांच्यासाठी दोन ओळी: अमेरिकेतल्या दवाखान्यात पेशंटला काय झालं ते तिथले डॉक्टर लिहितात, तो चार्ट, आणि आम्ही पुण्यात, नवी मुंबईत, चेन्नईत, हैदराबादेत बसून ते वाचतो आणि त्याला आकडे-अक्षरांचा कोड देतो. काय झालं होतं त्याचा एक कोड आणि त्यावर काय केलं त्याचा दुसरा. दोन्हींचा मेळ बसला की विमा कंपनी पैसे सोडते. मी हे काम २००४ पासून करते आहे. आता दुसऱ्यांच्या चुका काढण्याचा पगार मिळतो.

प्रश्न : मी बीएससी करून पुण्यात कोडिंगचा कोर्स केला. सध्या इमर्जन्सीचे चार्ट करते. एका चार्टमध्ये डॉक्टरांनी लिहिलं होतं, 'डाव्या हाताचं तिसरं बोट कापलं, दीड सेंटिमीटर, नख शाबूत, आत काही अडकलेलं नाही, तीन टाके.' मी मधलं बोट धरून एस६१.२१३ए दिला. ऑडिटमध्ये मार्क कापले. तिसरं म्हणजे मधलंच ना? – एक वाचक, मूळगाव लातूर

उत्तर : अगं, तुझा हात पुढे कर आणि मोज. अंगठ्यापासून मोजलंस तर तिसरं मधलं. अंगठा हे बोटच नाही असं धरून तर्जनीपासून मोजलंस तर तिसरी येते अनामिका. इंग्रजी बोलणारे लोक लग्नाच्या अंगठीच्या बोटाला 'थर्ड फिंगर' म्हणत आलेत, त्यांच्या जुन्या लग्नविधीत मात्र तेच बोट 'फोर्थ फिंगर' आहे. त्यामुळे डॉक्टरांनी 'थर्ड डिजिट' लिहिलं असतं तर अंगठा पहिला धरायचा आणि मधलं बोट निवांत द्यायचं. 'थर्ड फिंगर' लिहिलं की थांबायचं.

थांबून करायचं काय? टाके घालण्याची नोंद वाच. बोट बधिर करण्यासाठी सुई कुठे दिली तिथं बहुतेक वेळा 'मिडल' किंवा 'रिंग' असा सरळ शब्द सापडतो. एक्स-रे काढला असेल तर रेडिऑलॉजिस्टचा रिपोर्ट बघ. नर्सच्या नोंदीत बोटाचं नाव असेल तर ती नोंद शंका घ्यायला चालते, कोड द्यायला नाही. कुठेच नसेल तर डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे लेखी प्रश्न. आणि तुमच्या प्रोजेक्टमध्ये अशा क्वेरीला परवानगीच नसेल तर एस६१.२१९ए, म्हणजे 'कोणतं बोट ते नमूद नाही'. हा कोड देताना माझाही जीव तुटतो, कारण डावा हात हे आपल्याला पक्कं माहीत असूनही त्या कोडमध्ये डावं-उजवं सांगायला जागाच नाही. पण अंदाजाने दिलेल्या मधल्या बोटापेक्षा तो खरा.

आपल्याकडे ही अडचण आली नसती. अंगठा, तर्जनी, मध्यमा, अनामिका, करंगळी. नाव नसलेल्या बोटाचंसुद्धा आपण 'अनामिका' असं नाव ठेवून टाकलंय.

आता तू विचारलं नाहीस पण सांगते, कारण दर बॅचमध्ये निम्मी मुलं याच खड्ड्यात पडतात. कापलेल्या बोटाच्या कोडमध्ये शेवटचा आकडा बघ: उजवी तर्जनी ०, डावी १, उजवी मध्यमा २, डावी ३, असं करत डावी करंगळी ७. मुलं लगेच घोकून टाकतात, 'सम ते उजवं, विषम ते डावं.' खरचटलं तरी हेच चालतं, बोट मुरगळलं तरी हेच. मग येतो मुका मार. बोट ठेचलं, कातडी फुटली नाही, नख ठीक आहे: एस६०.०२१ए ही उजवी तर्जनी आणि एस६०.०२२ए डावी. तिथं बोट पाचव्या जागेवर बसलंय आणि हात सहाव्या, म्हणून विषम ते उजवं. अंगठ्याचंही तसंच, अगदी कापला असला तरी: एस६१.०११ए उजवा, एस६१.०१२ए डावा. घोकलेल्या ओळीने दिवसभर बरोबर येत राहतं आणि संध्याकाळी एक मुका मार येऊन उलटा पडतो. पाठ करू नकोस. दर वेळी कोडचं पूर्ण वर्णन उघडून वाच, वीस वर्षं झाली तरी मी वाचते.

आणि तोच पेशंट दहा दिवसांनी टाके काढायला आला तर झेड४८.०२ च्या मोहात पडू नकोस. तो टाके काढण्याचाच कोड आहे हे खरं, पण जखमेच्या बाबतीत पुढच्या देखभालीसाठी झेडचे कोड वापरायचे नाहीत असा नियमच आहे. जखमेचा तोच कोड द्यायचा, फक्त शेवटच्या 'ए'च्या (उपचार चालू) जागी 'डी' (पुढची देखभाल).

प्रश्न : मी बीएचएमएस आहे. पाच वर्षं स्वतःचा दवाखाना चालवला, आता कोडिंगमध्ये आलोय. चार्ट असा: गाडीच्या दारात उजवा अंगठा सापडला, नखाखाली रक्त साकळलं, डॉक्टरांनी नखाला भोक पाडून ते काढलं, शेजारी थोडं खरचटलेलं. एक्स-रे नॉर्मल. शेवटी निदान लिहिलंय 'क्रश इंज्युरी', म्हणजे चिरडल्याची जखम. हा काही क्रश नाही, साधा मुका मार आहे. मी एस६०.१११ए दिला. ऑडिटरने क्रशचा एस६७.०१एक्सए करून माझी चूक धरली. मी स्वतः डॉक्टर असताना हे पटत नाही. – एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : डॉक्टरसाहेब, आपण डॉक्टर आहात, पण लॉग-इन करेपर्यंत. त्यानंतर आपण वाचक आहात. पेशंट आपण पाहिलेला नाही, अंगठा आपण दाबून पाहिलेला नाही. ज्याने पाहिला त्याने 'क्रश' लिहिलं. ते आपल्याला वैद्यकीयदृष्ट्या पटत नसेल तर क्वेरीची वाट मोकळी आहे, स्वतःच निदान बदलायची नाही. ऑडिटरचं बरोबर आहे.

खरचटलेल्याचा कोड आपण दिला नाहीत हे मात्र छान केलंत. एकाच जागी मोठी जखम असताना तिथलं खरचटणं, मुका मार वेगळे लिहायचे नाहीत. म्हणून क्रश धरला की एस६०.१११ए सुद्धा गळतो. हाड मोडलं असतं तर गोष्ट वेगळी. एस६७ खाली स्पष्ट सूचना आहे की सोबतच्या जखमा जोडून द्याव्यात, मग अंगठ्याच्या टोकाच्या हाडाचा कोड जोडीला आला असता. तिथंही एक गंमत आहे. हाड जागचं हललंय की नाही हे डॉक्टरांनी लिहिलं नसेल तर हललंय असं धरायचं, पण जखम उघडी की बंद हे लिहिलं नसेल तर बंद धरायचं. एकीकडे वाईटाकडे झुकायचं, दुसरीकडे बऱ्याकडे. का, ते मला विचारू नका, नियम तसा आहे.

आणि नखाखालचं रक्त काढल्याचा प्रक्रिया-कोड ११७४०, त्याला एफ५ हे शेपूट लावायला विसरू नका. एफ५ म्हणजे उजवा अंगठा. डावा अंगठा एफए, डाव्या तर्जनीपासून करंगळीपर्यंत एफ१ ते एफ४, उजव्या अंगठ्यापासून एफ५ ते एफ९. मध्यरात्री दोन वाजता डाव्या अंगठ्यालाच आकडा का नाही हा प्रश्न पडला तर चहा घेऊन या.

लिहिलं असेल तेच धरायचं, ही आपल्याला न पटणारी गोष्ट माझ्या घरात घडलीय, म्हणून थोडं जास्त लिहिते. माझे वडील चिंचवडला एका लहान प्रेस-शॉपमध्ये, म्हणजे धातूचे भाग दाबून काढायच्या कारखान्यात होते. मी सातवीत असताना त्यांच्या उजव्या तर्जनीचं टोक प्रेसमध्ये गेलं. नखासकट. हाड राहिलं, पण बोट आखूड झालं. शिफ्टच्या वहीत सुपरवायझरने लिहिलं: 'बोटाला किरकोळ दुखापत, मलमपट्टी केली.' आमच्या तेव्हाच्या कायद्याला, म्हणजे १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्याला, बोटांची बारीक समज होती. त्याच्या परिशिष्टात अंगठा गेला तर कमावण्याच्या शक्तीत ३० टक्के घट, तर्जनी पूर्ण गेली तर १४, मध्यमा १२, अनामिका किंवा करंगळी ७. हाड न जाता नुसतं टोक छाटलं गेलं तर तर्जनीला ५ टक्के, मध्यमेला ४, अनामिकेला आणि करंगळीला २. हाताची पाची बोटं सारखी नसतात हे त्यात टक्क्यांनिशी छापलं होतं. पण वडिलांच्या वहीत ना तर्जनी होती, ना टोक, ना नख. 'किरकोळ' एवढंच होतं आणि त्याला टक्के शून्य. ते डॉक्टरांच्या चिठ्ठीसाठी दोनदा गेले, तिसऱ्यांदा गेले नाहीत, एका दिवसाचा पगार बुडायचा. आता चार्टमध्ये 'मायनर फिंगर इंज्युरी' एवढंच लिहिलेलं दिसलं की मी जरा जास्तच कडक क्वेरी लिहिते. टीममधली मुलं म्हणतात, मॅडमचा मूड गेला.

प्रश्न : आम्ही न्यू जर्सीत एडिसनला राहतो. माझ्या मैत्रिणीच्या घरी सफरचंद कापताना चाकू निसटून मुलाचं बोट कापलं, अर्जंट केअरमध्ये टाके घातले. महिन्याभराने विमा कंपनीचं पत्र आलं, त्यात विचारलंय की अपघात कुठे झाला, कोणाची चूक होती, दुसऱ्या कुणाचा विमा आहे का. मी घाबरून गेले. आम्ही काही चुकीचं केलं का? शिवाय टाके तपासायला दुसऱ्यांदा गेलो त्या दिवशीच्या कागदावरही 'इनिशियल' लिहिलंय. – एक आई, एडिसन

उत्तर : ताई, घाबरू नका. तुमच्या कागदावरचा कोड 'एस'ने सुरू होतो ना? एस म्हणजे दुखापत, आणि दुखापतीचा क्लेम आला की अशी पत्रं छापून निघतात. कामावर झालं असेल तर कामाचा विमा, दुसऱ्याच्या मालमत्तेत झालं असेल तर त्यांचा विमा, असा पैसा दुसरीकडून वसूल करता येईल का ते ती कंपनी चाचपते. पत्र कचऱ्यात मात्र टाकू नका, उत्तर येईपर्यंत क्लेम अडकून राहू शकतो. जे झालं ते साधं लिहून पाठवा: मुलगा सफरचंद कापत होता, चाकू निसटला. मैत्रिणीवर खटला भरायचा की नाही हा प्रश्न ते तुम्हाला विचारत नाहीयेत, तेवढी कल्पना तिलाही देऊन ठेवा, नाहीतर मैत्री जायची.

'इनिशियल' म्हणजे पहिली भेट नव्हे, या शब्दाने कोडरही फसतात. जखमेवर उपचार चालू आहेत तोवर 'ए', म्हणजेच 'इनिशियल'. तुमच्या दुसऱ्या भेटीत जखम उघडी पडल्याने पुन्हा साफ करून टाके घातले असतील तर 'ए' बरोबर. नुसतं 'छान भरतंय' म्हणून पाठवलं असेल तर 'डी' हवा होता. तसं असेल तर अर्जंट केअरच्या बिलिंगला फोन करा आणि नम्रपणे सांगा. फोनच्या पलीकडे जो असेल त्याला हे ऐकून आश्चर्य वाटेल, आणि कोणी सांगावं, तो मराठीही असेल.

प्रश्न : मी शेतकरी. कडबाकुट्टीत उजव्या तर्जनीचं टोक आणि नख फाटलं. एक रात्र दवाखान्यात ठेवलं. मेडिक्लेमच्या फॉर्मवर दवाखान्याने एस६१.१ लिहिलंय. पुतण्याने मोबाइलवर पाहिलं तर एस६१.१ म्हणजे नखासह अंगठ्याची जखम. माझा अंगठा धड आहे. क्लेम नामंजूर होईल का? – एक वाचक, सांगली

उत्तर : दादा, दवाखाना बरोबर आहे आणि तुमचा पुतण्याही. त्याने जे पाहिलं ते अमेरिकेचं पुस्तक. जागतिक आरोग्य संघटनेची मूळ यादी वेगळी आहे, आपल्याकडे दवाखाने तीच वापरतात. तिच्यात एस६१.० म्हणजे नख शाबूत असलेली बोटाची जखम आणि एस६१.१ म्हणजे नखासह बोटाची जखम. कोणतं बोट, कोणता हात, पहिल्यांदा आलात की टाके काढायला, काहीही विचारत नाही. अमेरिकेने त्याच यादीला आपल्या कामासाठी फाटे फोडले, तेव्हा अंगठ्याला एस६१.० आणि ६१.१ देऊन टाकलं आणि बाकी चार बोटांना ६१.२ आणि ६१.३ वर सरकवलं. त्यामुळे एकच आकडा दोन देशांत दोन वेगळ्या बोटांवर बसलाय. नेटवर शोधलं की बहुतेक अमेरिकेचंच पान आधी उघडतं. आमच्या टीममध्ये भारतातल्या दवाखान्यांच्या कामातून आलेली मुलं पहिला आठवडा याच गोंधळात असतात.

त्या फॉर्मच्या 'ब' भागात, म्हणजे दवाखाना भरतो त्या भागात, कोडशिवाय आणखी एक चौकट असते: दुखापत कशाने झाली. स्वतःहून केलेली, रस्ता अपघात, की नशेत. मेडिको-लीगल आहे का, पोलिसांना कळवलंय का. क्लेम अडलाच तर तिथं अडतो, बोटाच्या कोडवर नाही. डिस्चार्ज कार्डवर 'कडबाकुट्टीत अपघाताने, उजवी तर्जनी' एवढे शब्द आहेत का ते आजच बघा. नसतील तर डॉक्टरांकडून लिहून, सही-शिक्का मारून घ्या. आणि ठेवलं त्या रात्रीचे दाखल-डिस्चार्जचे वेळही बघा. तुमच्या पॉलिसीत २४ तासांची अट असेल तर रात्री दहाला दाखल आणि सकाळी आठला घरी हे त्यात बसणार नाही, मग कोड कितीही अचूक असो.

(कडबाकुट्टीला संरक्षक जाळी बसवून घ्या हे सांगणं माझं काम नाही, तरी सांगते.)

प्रश्न : बदकाने मारल्याचा कोड खरंच आहे का? – एक वाचक, नाशिक

उत्तर : आहे. डब्ल्यू६१.६२. बदक चावल्याचा वेगळा. कागदाच्या धारेने बोट कापल्याचाही आहे. २०१५ च्या १ ऑक्टोबरला अमेरिकेने नवी यादी सुरू केली तेव्हा वर्तमानपत्रांनी बदकांवरून आमची यथेच्छ थट्टा केली होती. ती तारीख आधी २०१३ होती, मग २०१४ झाली, मग २०१५. आमच्या ऑफिसात एकच प्रशिक्षण तीनदा झालं आणि तिन्ही वेळा आम्ही विमानाच्या इंजिनात ओढल्या गेलेल्या माणसाच्या 'पुढच्या भेटी'च्या कोडवर हसलो. पण जुन्या यादीत बोट कापलं की ८८३.०, संपलं. दहाही बोटं एका दावणीला. त्यावर कुणी हसत नव्हतं.

असे 'कशाने झालं'चे कोड देणं देशभर सक्तीचं नाही, काही राज्यं आणि काही विमा कंपन्या मागतात. तुम्ही नोकरीच्या मुलाखतीला जाणार असाल तर बदक सोडा, १ ऑक्टोबरला कोड बदलतात हे लक्षात ठेवून जा.

प्रश्न : मी निवृत्त शिक्षिका. भाजी चिरताना विळीवर बोट कापलं. नातू कोडिंग शिकतो, तो म्हणाला आजी, विळीला कोड नाही! खरं का? – एक वाचक, दादर

उत्तर : खरं आहे हो. डब्ल्यू२६.० मध्ये चाकू आहे, २६.१ मध्ये तलवार आणि खंजीर आहे, २७.४ मध्ये स्वयंपाकाची अवजारं आहेत. विळी कशातच नाही. आमच्या चहाच्या टेबलावर यावर एकदा वाद झाला. एकीचं म्हणणं, पातं आहे म्हणजे चाकू. दुसरी म्हणाली, चाकू हातात धरतात आणि विळी पायाखाली, म्हणजे ते अवजार. नांदेडची मुलगी म्हणाली, तिच्या आजीची विळी पाहाल तर तलवारीतच टाकाल. मी दिला असता तो २६.८, 'इतर धारदार वस्तू'. स्वयंपाकाची तयारी करताना झालं यासाठी मात्र चोख कोड आहे, वाय९३.जी१, तो नातवाला शोधायला लावा. आणि कोणतं बोट ते तुम्ही पत्रात लिहिलेलंच नाही, त्यामुळे मला पुढे जाता येत नाही. तुमच्या नातवाला क्वेरी पाठवायला सांगा.

पुढच्या अंकात पायाची बोटं. तिथं अंगठ्याला स्वतःचा कोड आहे आणि बाकी चौघांना मिळून एकच.